पाच मिनिटांचा कांदा

पाककृतींमध्ये सगळ्यात जास्त वेळा लिहिलं गेलेलं खोटं वाक्य कोणतं, असं मला कुणी विचारलं (कुणी विचारत नाही, पण समजा), तर माझं उत्तर तयार आहे : "कांदा छान तांबूस होईपर्यंत परतून घ्या, साधारण ५ ते ७ मिनिटं."

हे वाक्य इतक्या ठिकाणी आणि इतक्या सहजपणे लिहिलेलं असतं की त्यात काही खोटं आहे असं वाटतच नाही. एखादा कांदा फोडणीत टाकला तर तो दहा-बारा मिनिटांत बऱ्यापैकी रंग धरतो, मान्य. आणि रस्साभाजीत तो जरा कच्चट राहिला तरी खोबरं, मसाला, चिंच-गूळ ही मंडळी सांभाळून घेतात. पण एक पदार्थ असा आहे की तिथे कांद्याला सांभाळून घ्यायला कुणीच नाही. तो म्हणजे फ्रेंच ओनियन सूप.

साहित्य बघा. कांदे, लोणी, पाणी किंवा स्टॉक, थोडी वाइन, शिळा पाव, चीज. मीठ-मिरपूड. संपलं. हॉटेलात ह्याच वाडग्याचे चारशे-पाचशे रुपये मोजताना आपल्याला वाटतं की फ्रेंचांची काहीतरी गुप्त विद्या असणार. काही नाही हो. साडेतीनशे वर्षांपेक्षा जुना पदार्थ आहे. १६५१ साली फ्रान्समध्ये ला व्हारेन नावाच्या बल्लवाचार्याचं जे प्रसिद्ध पुस्तक आलं त्यातसुद्धा कांद्याचं सूप आहे : कांदे पातळ चिरा, लोण्यात परता, पाणी घालून शिजवा, पावाचा तुकडा टाका. चीजचा पत्ता नाही. पंधराव्या लुईने शिकारीच्या बंगल्यात कपाटात फक्त कांदे, लोणी आणि शॅम्पेन सापडल्यामुळे हे सूप शोधून काढलं वगैरे गोष्टी सांगतात. पण राजे लोक स्वतः कांदे चिरत बसले असतील ह्यावर विश्वास ठेवायला मी तयार नाही.

ह्या सुपाचा खरा पत्ता म्हणजे पॅरिसचा ले आल बाजार. आपल्या मार्केट यार्डासारखा घाऊक बाजार, पण शहराच्या अगदी मध्यभागी. एमिल झोलाने १८७३ साली ह्या बाजारावर अख्खी कादंबरी लिहिली आणि तिचं नाव ठेवलं 'पॅरिसचं पोट'. रात्रभर गाड्या यायच्या, माल उतरायचा, आणि पहाटे थंडीत काकडलेले हमाल आसपासच्या खानावळींत हे सूप प्यायचे. त्यांच्याच शेजारी नाटक-नाच आटपून आलेले सुटाबुटातले लोक बसलेले असायचे. वाडग्यावर पाव, पावावर चीज, आणि वरून भाजून काढलेलं. बाजार १९६९ साली शहराबाहेर रुंजिसला हलवला आणि नंतर जुने लोखंडी मंडप पाडले. पण तिथलं 'ओ पिए द कोशाँ' हे १९४७ सालचं रेस्टॉरंट अजून ते सूप देतं. थोडक्यात, स्वस्तातला स्वस्त कांदा, शिळा पाव आणि चुलीवर ठेवलेलं मोठं पातेलं. ह्यात महाग असलेली वस्तू एकच, ती म्हणजे वेळ. आणि नेमकी तीच पाककृतीवाले खोटी लिहितात.

आता थोडं गणित. घाबरू नका, बारावीच्या फिजिक्सच्या पुढे जात नाही.

कांद्यात वजनाच्या जवळजवळ ८९ टक्के पाणी असतं. सोललेला एक किलो कांदा तपकिरी, मऊ, जॅमसारखा होईपर्यंत परतला की साधारण ३०० ग्रॅम उरतो. म्हणजे ७०० ग्रॅम पाणी वाफ होऊन उडालं. एक ग्रॅम उकळत्या पाण्याची वाफ करायला सुमारे २.२६ किलोज्यूल लागतात, तर ७०० ग्रॅमचे झाले १५८० किलोज्यूल. त्याआधी तो कांदा १०० अंशांपर्यंत तापवायला आणखी ३०० धरा. एकूण १९०० च्या आसपास. घरच्या गॅसचा मोठा बर्नर धरू २ किलोवॉटचा, त्यातली फार तर दोन-तृतीयांश उष्णता भांड्यात जाते, बाकीची स्वयंपाकघर तापवते. करा भागाकार. पूर्ण आच ठेवून, एक थेंबही उष्णता वाया न घालवता, कांदा जराही न करपवता २४ मिनिटं. आणि आच मध्यम केली, जी करावीच लागते, की ४५ ते ५० मिनिटं. पाच मिनिटांत हे काम उरकायचं असेल तर एका पातेल्याखाली तसे जवळजवळ पाच मोठे बर्नर पूर्ण आचेवर लावावे लागतील. कांदा अर्थातच तेवढं सहन करणार नाही, खालून कोळसा आणि वरून कच्चा असा काहीतरी प्रकार होईल.

पाणी उडायलाच का हवं? कारण पाणी आहे तोवर पातेल्यातलं तापमान शंभराच्या आसपासच घुटमळतं. तेवढ्यात कांदा शिजतो, पण रंग चढायला शंभराच्या चांगलं वर जावं लागतं. तो रंग आणि ती खमंग चव बरीचशी ज्या रासायनिक प्रक्रियेतून येते तिचं वर्णन १९१२ साली लुई-कामिय मायार ह्या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने केलं. साखर आणि अमिनो आम्लं तापून एकमेकांशी जी काही भानगड करतात ती. (पावाचा कडक पापुद्रा, भाजलेली कॉफी, आपलं कांदा-खोबऱ्याचं वाटण, सगळीकडे तीच.) शिवाय कांद्यातली साखर स्वतःही थोडी कॅरमल होते. पण ह्या सगळ्याला सुरुवात व्हायची तर आधी पाण्याने रजा घ्यायला हवी. आणि पाण्याला रजेवर पाठवायला किती ऊर्जा लागते ते फूड ब्लॉगवाला ठरवत नाही.

हे मी पहिल्यांदा सांगतोय असं मुळीच नाही. २०१२ साली टॉम स्कोका ह्या अमेरिकन पत्रकाराने 'स्लेट'मध्ये ह्याच खोटेपणावर एक वैतागलेला लेख लिहिला. नामवंत वर्तमानपत्रांतल्या आणि पुस्तकांतल्या पाककृतींमधले पाच-दहा मिनिटांचे दावे त्याने काढून दाखवले, आणि स्वतः घड्याळ लावून कांदे परतले. पूर्ण आचेवर अखंड ढवळत २८ मिनिटं, माणसासारखं शांतपणे केलं तर ४५. (माझं वरचं गणित बघा. फिजिक्स बरं असतं ते असं.) पण खरी गंमत पुढेच आहे. २०१७ साली त्याच्या लक्षात आलं की गूगलला "कांदा कॅरमलाइज व्हायला किती वेळ लागतो" असं विचारलं की वरच्या चौकटीत उत्तर येतंय, सुमारे पाच मिनिटं. आणि ते उत्तर उचललं होतं त्याच्याच लेखातून! खोडून काढण्यासाठी त्याने जे वाक्य उद्धृत केलं होतं, नेमकं तेच यंत्राने सत्य म्हणून जगाला वाढलं. सॉफ्टवेअरच्या धंद्यात असल्यामुळे मला ह्यावर हसावं की रडावं ते कळत नाही. आज तर आपण असले प्रश्न थेट चॅटबॉटला विचारतो. तेही ह्याच ढिगाऱ्यातून शिकलेत, तेव्हा उत्तर मिळालं की एकदा गॅसच्या शेगडीकडे बघून घ्यावं.

बरं, लोक खोटं लिहितात तरी का? वाईट हेतूने नसेल. "एकूण वेळ २५ मिनिटं" असं लिहिलं की लोक पाककृती उघडतात, "अडीच तास" लिहिलं की पुढे सरकतात. आमच्याकडे एस्टिमेट देतात तस्संच. काम सहा आठवड्यांचं आहे हे खोलीतल्या प्रत्येकाला माहीत असतं, पण सहा म्हटलं तर प्रोजेक्ट मिळणार नाही म्हणून तीन म्हणायचं. नंतरचे तीन आठवडे कुणाच्या रात्रींतून आणि कुणाच्या शनिवार-रविवारांतून निघतात हे वाचकांपैकी अर्ध्या लोकांना वेगळं सांगायला नको.

आणि काम लपवायच्या जागाही किती शिताफीच्या! साहित्याची यादी वाचा : "१ किलो कांदे, सोलून, उभे पातळ चिरलेले." हे एक विशेषण झालं. पण एक किलो कांदे सोलून पातळ चिरायला तुमच्या-माझ्यासारख्याला डोळे पुसत पुसत वीस मिनिटं लागतात. ती वीस मिनिटं पाककृतीच्या हिशोबात कुठेच नाहीत, कारण साहित्य म्हणजे ओट्यावर आपोआप अवतरलेलं असतं. टीव्हीवरच्या कार्यक्रमांत काचेच्या छोट्या वाट्यांतून येतं तसं. त्या वाट्या भरणारी माणसं कॅमेऱ्यात दिसत नाहीत. घराघरांतही पिढ्यान् पिढ्या त्या वाट्या कुणीतरी भरतच होतं, आणि "काय, नुसता स्वयंपाक तर करायचा" ह्या वाक्यात तिचा सगळा वेळ शून्य धरला जात होता. पाच मिनिटांचा कांदा निरुपद्रवी आहे असं मला वाटत नाही ते म्हणून.

शिवाय ह्याचं बिल नवशिक्याच्या नावावर फाटतं. पहिल्या नोकरीसाठी पुण्यात किंवा बंगलोरात येऊन दोन मित्रांबरोबर फ्लॅट घेतलेला मुलगा किंवा मुलगी. एका रविवारी उत्साहाने काहीतरी करायला घेतात. सात मिनिटं झाली, कांदा अजून पांढराफटक आणि पातेल्यात पाणीच पाणी. आता काय? पुस्तक खोटं आहे असा संशय कुणाला येत नाही, आपल्याच हाताला काही जमत नाही असं वाटतं. मग आच वाढवायची, कांदा करपवायचा, आणि फोन उचलून दहा मिनिटांत घरपोच येणारं काहीतरी मागवायचं. स्वयंपाक सोडून दिलेल्या कितीतरी लोकांच्या मुळाशी असा एखादा कांदा असणार, अशी माझी दाट शंका आहे.

ह्यावर एक नेहमीचा युक्तिवाद असतो की वेळ कशाला लिहायची, स्थिती लिहा. आपल्याकडे तशी पद्धत आहेच. गुलाबीसर, तांबूस, खरपूस, तेल सुटेपर्यंत. १९७० साली आलेल्या 'रुचिरा'मध्ये कमलाबाई ओगल्यांनी ग्रॅमचा घोळ न घालता वाटी-चमच्याचं माप दिलं आणि कितीतरी घरांतल्या नवशिक्यांना त्या पुस्तकाने उभं केलं. आमच्या भाषेत सांगायचं तर स्थिती म्हणजे लूपमधून बाहेर पडायची अट, आणि अट नेहमी मिनिटांपेक्षा भरवशाची. हे सगळं खरं, पण नुसत्या अटीवर रविवार आखता येत नाही ना! लूप दहा मिनिटं चालणार की एक तास, ते आधी कळायला हवं, नाहीतर पाहुणे साडेआठला बोलवायचे की साडेनऊला? म्हणून दोन्ही लिहा, आणि दुसरं खरं लिहा.

लिहिणाऱ्यांनी खरं लिहिलेलंही आहे बरं का. ज्युलिया चाइल्ड आणि तिच्या दोन सहलेखिकांचं फ्रेंच स्वयंपाकावरचं जाडजूड पुस्तक १९६१ साली अमेरिकेत आलं. त्यात ह्या सुपासाठी सरळ सांगून टाकलंय की सुरुवातीपासून शेवटपर्यंत किमान अडीच तास धरा. कांदे झाकण ठेवून १५ मिनिटं, मग उघडे ३० ते ४०, मग स्टॉकमध्ये आणखी ३० ते ४०. तेही कांदे साधारण पाऊण किलोच्या आतच. पुस्तक प्रचंड खपलं. म्हणजे खरी वेळ सांगितली तर लोक पळून जातात हेही तितकंसं खरं नाही.

आता शॉर्टकटवाल्यांशी दोन शब्द. चिमूटभर खायचा सोडा घातला की रंग पटकन येतो, कारण मायारबाबांची प्रक्रिया अल्कलीत जोरात चालते. पण कांद्याचा लगदा होतो आणि जास्त पडला तर साबणासारखी चव. मला नाही आवडत. प्रेशर कुकर आपल्या सगळ्यांचा लाडका, पण पाणी बाहेर जाऊ न देणं हेच तर त्याचं काम! कांदा मऊ होईल, पाणी मात्र झाकण उघडल्यावर आटवावंच लागेल. बिर्याणीवर घालायचा तयार तळलेला कांदा? तो तळलेला असतो, त्याची चव वेगळी. बिर्याणीत उत्तम, सुपात नको. साखर एक छोटा चमचा घाला, ज्युलियाबाईंनीही घातली आहे, तेवढ्याने पाप लागत नाही.

तर खऱ्या वेळेसकट कृती. चार माणसांसाठी एक किलो कांदे, सोललेल्या वजनाचे. मिळाला तर उन्हाळ कांदा घ्या, तो लाल कांद्यापेक्षा कोरडा असतो, म्हणून टिकतो आणि म्हणून लवकर रंगतो. अलिबागचा पांढरा कांदा, ज्याला २०२२ साली भौगोलिक मानांकन मिळालं, तो कृपया इथे घालवू नका, जेवताना कच्चा खा. सोलणं-चिरणं २० मिनिटं. जाड बुडाचं स्टीलचं पातेलं घ्या, नॉनस्टिक नको, कारण आपल्याला तळाशी खरवड हवी आहे. दोन मोठे चमचे लोणी, एक चमचा तेल, कांदे, अर्धा चमचा मीठ. झाकण ठेवून मंद आचेवर १५ मिनिटं, कांदा बसेल आणि पाणी सोडेल. मग झाकण काढा, साखर घाला, आच मध्यम करा.

इथून पुढे ४० मिनिटं. पहिली वीस मिनिटं काहीच घडत नाही असं वाटेल. घडतंय, पाणी जातंय. तीन-चार मिनिटांनी एकदा ढवळलं तरी चालतं, तेवढ्यात भांडी घासून होतात किंवा कुणाला तरी फोन करून होतो. मग अचानक आवाज बदलतो, फसफस थांबून चुरचुर सुरू होते. आता मात्र पातेल्यापासून हलायचं नाही. तळाला तांबूस खरवड धरायला लागली की पाण्याचा हबका मारायचा, उलथण्याने खरवडून ती कांद्यात मिसळायची. पुन्हा धरू द्यायची, पुन्हा हबका. असं तीन-चार वेळा. चव ह्या खरवडीत आहे, सुपातला सगळा "स्टॉक" इथेच तयार होतो, आणि त्यामुळेच शाकाहारी मंडळींनी बीफ स्टॉक नाही म्हणून मन मारायचं कारण नाही. कांदा जुन्या गुळाच्या रंगावर आला की थांबा.

एक चमचा मैदा घालून दोन मिनिटं परता. अर्धी वाटी कोरडी व्हाइट वाइन. नाशिकची चालेल, नाहीतरी कांदाही बहुधा तिकडचाच असेल, दोघांची ओळख असायची. वाइन नको असेल तर चमचाभर व्हिनेगर. सव्वा लिटर गरम पाणी किंवा स्टॉक, एक तमालपत्र, नुसतं पाणी घेतलं तर एक छोटा चमचा सोया सॉसही. अर्धा तास मंद उकळी. फ्रेंच लोक वर ग्रुएर किंवा कोंते चीज घालतात. ते परवडत नसेल तर चेडर आणि मोझरेला अर्धं अर्धं, एकाची चव आणि दुसऱ्याची तार. पाव म्हणून इराण्याकडचा ब्रून आदल्या दिवशी आणून ठेवा, जाड काप कोरडे कडक भाजा, नाहीतर सुपात पडल्या पडल्या विरघळतील. ओव्हन असेल तर वाडग्यातच पाव-चीज ठेवून वरून भाजा. नसेल तर तव्यावर पावावरच चीज झाकण ठेवून वितळवा आणि मग सुपावर सोडा. फ्रेंच नाक मुरडतील, मुरडू देत. :)

बेरीज करून बघा, २० अधिक १५ अधिक ४० अधिक ३० अधिक पाव-चीजची १०. जवळजवळ दोन तास. साडेआठला जेवायचं असेल तर साडेसहाला कांदे सोलायला बसा, आणि सोबत कुणी असेल तर अर्धे त्याच्यापुढे सरकवा. बेडरूमचं दार आधी बंद करून घ्या, नाहीतर सोमवारी ऑफिसला जायचे कपडे परतलेल्या कांद्याच्या वासाचे असतील.